दुल्हनचा मेकअप : फोन करण्याआधी

रमजान ईद होऊन चार दिवस झाले असतील, आपाचा फोन आला. "हॉल ठरला, भटारी ठरला, मेकअपवालीचं तेवढं तू बघ. तुला बोलता येतं." मी उर्दू शाळेत मराठी शिकवते, त्यामुळे आमच्या खानदानातली सगळी मराठी बोलणी माझ्या गळ्यात पडतात. लाइट बिलाची तक्रार असो, तहसील कचेरीतला दाखला असो, आणि आता भाचीच्या निकाहसाठी मेकअपवाली. लग्न मे महिन्यात, इचलकरंजीला. हातात महिना-सव्वा महिना.

मी हो म्हटलं खरं, पण मनात धाकधूक होती. हे काम मी याआधी एकदा केलं होतं आणि त्यात माझ्या हातून जी चूक झाली ती अजून विसरता आलेली नाही.

तीन वर्षांपूर्वी चुलतबहिणीच्या मुलीचं लग्न होतं. मेकअप आर्टिस्ट मीच शोधली होती. बाई कामाची चांगली, वेळेवर आली, मुलगी सुरेख दिसली. निघताना पेटी आवरत तिने मला विचारलं, "मॅडम, एक-दोन फोटो माझ्या पेजवर टाकू ना?" मी त्या वेळी वऱ्हाडाच्या जेवणाच्या गडबडीत होते. "टाका, टाका" म्हणाले आणि पुढे गेले. मुलीला विचारलंच नाही. तिसऱ्या दिवशी इन्स्टाग्रामवर त्या मुलीची रील, मागे सिनेमाचं गाणं लावलेलं. जी मुलगी कॉलेजला नकाब घालून जायची, जिचा स्वतःचा एक फोटो कुठे नव्हता, तिचा चेहरा दम्मामला असलेल्या तिच्या दिराच्या मोबाइलवर पोहोचला आणि तिथून घरच्या ग्रुपवर. नवरा काही बोलला नाही. सासू बोलली. सासरच्या पहिल्याच आठवड्यात तिला अशा गोष्टीचा जाब द्यावा लागला जी तिने केलीच नव्हती. मी फोन केल्यावर त्या आर्टिस्टने रील लगेच काढली, पण तोवर ती कितीजणांच्या मोबाइलमध्ये उतरली होती कोण जाणे. आणि दोष त्या बाईचाही नव्हता. तिने परवानगी मागितली होती. ती मी दिली होती, जिचा चेहरा नव्हता तिने.

म्हणून या खेपेला ठरवलं, शोधणं माझं, पण बोलणं भाचीचं.

शोधायचं कुठे? पूर्वी प्रश्नच नव्हता. गल्लीतली पार्लरवाली यायची, नाहीतर एखादी भाभी पावडर, काजळ, लिपस्टिक लावायची आणि डोक्यावर लाल दुपट्टा आला की दुल्हन तयार. आता प्रत्येक गावात पाच-पंचवीस मेकअप आर्टिस्ट आहेत आणि सगळ्या इन्स्टाग्रामवर आहेत. मी दोन रात्री ते फोटो बघत बसले. सगळ्या नवऱ्या एकसारख्या दिसायला लागल्या. तोच गुळगुळीत चेहरा, तेच डोळे. भाची हसून म्हणाली, "खाला, हे फोटो मेकअप झाल्यावर पाच मिनिटांत काढतात, समोर गोल दिवा लावून. वर फिल्टर. आपलं लग्न मेमध्ये आहे, हॉलला एसी नाही."

तिचं म्हणणं पटलं. फोटोवरून मेकअप कळत नाही, तो कळतो जेवणाच्या पंगती उठेपर्यंत टिकला की नाही यावरून. मग मी जुनाच मार्ग धरला. ईदनंतर लग्नांचा मोसम होताच. दोन लग्नांत नवरीला बघायला गेले तेव्हा मुद्दाम उशिरा गेले, रुखसतीच्या वेळी. एकीच्या कपाळावर घामाचे ओघळ आणि हनुवटीखाली रंगाची रेघ स्पष्ट दिसत होती. चेहरा एक, मान दुसरी. दुसरीचा चेहरा चार-पाच तासांनीही तिचाच वाटत होता. तिच्या आईकडून नंबर घेतला. मिरजेची आर्टिस्ट. आणखी एक नंबर आमच्या शाळेतल्या सहकारी बाईंनी दिला, सांगलीचा. इन्स्टाग्रामवरून एक. अशा तिघी.

इथे एक गंमत सांगते. आपाची एकच अट होती, बाईच पाहिजे, पुरुष मेकअपवाला नको. आपल्याकडे ते सोपं आहे, छोट्या गावांत हे काम बायकाच करतात. पण मुंबईच्या सिनेसृष्टीत कित्येक वर्षं उलटं होतं. तिथल्या संघटनेचं मेकअप आर्टिस्टचं कार्ड फक्त पुरुषांना मिळायचं. बायकांनी केस करायचे, चेहऱ्याला हात पुरुषाने लावायचा. चारू खुराना या आर्टिस्टने त्याविरुद्ध लढा दिला आणि नोव्हेंबर २०१४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ही बंदी बेकायदेशीर ठरवली. ज्या कामासाठी आपल्या घरात बाईच लागते, त्याच कामासाठी तिला कोर्टाची पायरी चढावी लागली.

तर तिघींना मी आधी, आपण सगळे करतो तेच केलं. व्हॉट्सअॅपवर लिहिलं, "ब्रायडल मेकअपचा रेट काय?" दहा मिनिटांत तिघींचे छापील रेट कार्ड आले. एचडी, एअरब्रश, सिग्नेचर, सगळ्यांत हजारोंचा फरक. त्यातून काहीच कळेना. कळणार कसं? मी काही सांगितलंच नव्हतं. कापडाच्या दुकानात जाऊन "कापड काय भावाने?" विचारावं तसं ते झालं.

भाचीने मग स्वतः संदेश लिहिला. तो जवळजवळ जसाच्या तसा देते, कुणाच्या उपयोगी पडेल: "ताई, नमस्ते. माझा निकाह अमुक तारखेला इचलकरंजीत आहे, जोहरच्या नमाजनंतर, दोन वाजता. साडेबारा वाजेपर्यंत तयार व्हायचं आहे. मेकअप, केस, दुपट्टा, फक्त माझा एकटीचा. माझा रंग सावळा आहे, तो सावळाच ठेवायचा आहे. भुवया करायच्या नाहीत, खोटे केस लावायचे नाहीत. खोलीत पुरुष येणार नाहीत. माझा फोटो किंवा व्हिडिओ तुमच्या मोबाइलवर काढायचा नाही आणि कुठेही टाकायचा नाही. हे सगळं जमत असेल तर तुमचा दर, येण्या-जाण्याचा खर्च आणि अॅडव्हान्स किती ते कळवा. तुम्ही स्वतः येणार की असिस्टंट, तेही."

मला तो जरा कडक वाटला. मास्तरीण मी आणि सूचनापत्रक ती काढतेय! पण त्या संदेशाने तिन्ही घरं झटक्यात वेगळी झाली. इन्स्टाग्रामवालीने कळवलं, फोटो नसेल तर दर जास्त पडेल, कारण तिची जाहिरात त्या फोटोंवरच चालते. मला राग आला, भाचीला नाही आला. "निदान खरं सांगितलं," ती म्हणाली. सांगलीच्या बाईंना त्या दिवशी आणखी एक नवरी होती. त्या स्वतः तिथे आणि आमच्याकडे मुलगी पाठवणार होत्या. मिरजेच्या ताईंनी टाइप केलं नाही, सरळ फोन केला आणि पहिला प्रश्न विचारला, "वुजू कधी करणार तुम्ही? त्यावर मला वेळ ठरवावी लागेल."

आमचं काम तिथेच झालं. ताई हिंदू, पण मिरजेत वाढलेल्या, आपल्या घरांत बरीच लग्नं केलेली.

हा वुजूचा प्रश्न आपण आधी विचारत नाही आणि ऐन वेळी घोळ होतो. टिकाऊ मेकअप पाणी आत जाऊ देत नाही, हाच त्याचा गुण. आणि कातडीपर्यंत पाणी पोहोचलं नाही तर वुजू होत नाही. नेलपॉलिशचंही तेच. म्हणजे वुजू आधी, मेकअप नंतर, आणि तो वुजू जोहरपर्यंत टिकवायचा. ताईंनी उलटा हिशेब मांडला. साडेबाराच्या सुमारास जोहरची वेळ सुरू होते, तेव्हा काम संपलं पाहिजे, म्हणून दहाच्या आधी वुजू करून खुर्चीत बसायचं. वुजू तुटलाच तर? तर मेकअप उतरवावा लागेल, दुसरा मार्ग नाही. म्हणून सकाळी पाणी-चहा बेताने घ्या, असंही त्यांनीच सांगितलं. दुपट्टा अशा पिनांनी लावायचा की नमाजला अडचण होऊ नये. अस्रची नमाज सासरी पोहोचल्यावर. त्यासाठी चेहरा कसा उतरवायचा, हे त्यांनी न विचारता सांगितलं: साबणाने घासायचं नाही, आधी खोबरेल तेल चोळायचं, कापसाने पुसायचं, मग धुवायचं. रुखसतीच्या बॅगेत तेलाची छोटी बाटली आणि कापूस ठेवायचा. वीस तोळ्यांचा हिशेब ठेवणाऱ्या आमच्या घरांत ही पाच रुपयांची वस्तू कुणाला सुचत नाही. नवरी सासरच्या मोरीत साबण घेऊन डोळे चोळत बसते.

भुवया आणि खोटे केस यांबद्दल हदीसमध्ये मनाई आहे हे बहुतेकींना माहीत असतं. तपशिलात कुणाला शंका असेल तर आपल्या आलिमांना विचारावं, ते काम माझं नाही. मी इतकंच सांगते की जे ठरवलं असेल ते आर्टिस्टला आधी सांगा. त्या दोरा घेऊनच येतात आणि नवरी डोळे मिटून बसलेली असते.

आता खरा प्रसंग ट्रायलचा. लग्नाच्या पंधरा दिवस आधी आम्ही मिरजेला गेलो, मी, आपा आणि भाची. ट्रायलचे वेगळे पैसे पडतात. ते वाचवू नयेत असं माझं मत झालं आहे. भाची खुर्चीत बसली, आणि ताई काही विचारणार इतक्यात आपा म्हणाली, "जरा उजळ करा हं. मुलाकडचे सगळे गोरे आहेत."

ताईंनी भाचीकडे पाहिलं. भाची गप्प. संदेशात एवढं ठामपणे लिहिणारी पोरगी, आईसमोर तिच्या तोंडून शब्द निघेना. ताईंनी दोन शेड उजळ फाउंडेशन लावलं. तासाभराने आरसा पुढे केला. आपा म्हणाली, "माशाअल्लाह!" मुलगी खरंच गोरी दिसत होती. भाचीने मांडीवरचे हात उचलून गालाजवळ धरले. हात सावळे, गाल पांढरे. ती हळूच म्हणाली, "अम्मी, हे हात कुठे लपवू?"

आपाचे डोळे भरले. मला आधी वाटलं, राग आला. पण घरी येताना बसमध्ये तिने सांगितलं. बघायला आले होते तेव्हा मुलाची फुफी स्वयंपाकघरात तिच्याजवळ म्हणाली होती, "मुलगी चांगली आहे, फक्त रंगाने मार खाल्ला." आपाने ते कुणाला सांगितलं नव्हतं. तीन महिने ते वाक्य घेऊन ती फिरत होती. आणि त्याच पायी तिने आणखी एक गोष्ट केली होती. ओळखीच्या एका बाईकडून क्रीमची डबी आणली होती, रोज रात्री लाव, महिन्यात उजळशील म्हणून. भाचीने ती लावली नव्हती, कपाटात ठेवली होती.

घरी गेल्यावर मी ती डबी बघितली. वर एका बाईचं चित्र, दुसरं काही नाही. बनवणाऱ्याचं नाव नाही, पत्ता नाही, बॅच नंबर नाही, परवाना क्रमांक नाही, मुदत नाही. अशा क्रीममध्ये अनेकदा पारा असतो. तो रंग खरंच उजळवतो, आणि कातडीतून रक्तात जाऊन मूत्रपिंडं बिघडवतो. २०२३ च्या सुरुवातीला अकोल्याची बातमी वर्तमानपत्रांत आली होती. एकाच घरातल्या मुलीला, आईला, बहिणीला मूत्रपिंडाचा आजार जडला आणि मुंबईच्या केईएममध्ये तपासल्यावर त्या वापरत असलेल्या क्रीममध्ये पारा सापडला. आपल्या देशाचे २०२० चे सौंदर्यप्रसाधन नियम चेहऱ्याच्या क्रीममध्ये पारा घालू देत नाहीत. नकळत आलेलाही दहा लाख भागांत एका भागाहून जास्त चालत नाही. पण नियम लेबल असलेल्या डब्यांना लागू करता येतात. बिनलेबलाची डबी हातोहात फिरते, ओळखीच्या बाईकडून, विश्वासाने. ती मी फेकून दिली. आपाने फेकू दिली, हे महत्त्वाचं.

तसंच त्या काळ्याकुट्ट मेंदीचं. खरी मेंदी आधी केशरी येते आणि एक-दोन दिवसांत गडद तांबूस होते. तासाभरात काळी होणाऱ्या कोनमध्ये बहुधा केसांच्या डायमधलं रसायन असतं आणि त्याने हातावर फोड येतात. लग्नाच्या आदल्या रात्री ते परवडणारं नाही. मेंदी असो की नवीन मेकअप, कोपराच्या आतल्या बाजूला थोडंसं लावून दोन दिवस बघावं. ताईंनी ट्रायलच्या दिवशी भाचीच्या हातावर तेच केलं होतं.

रात्री भाचीने ताईंना फोन केला, माझ्यासमोर. "ताई, माझ्याच रंगाचं करा. अम्मीशी मी बोलले." ताई म्हणाल्या, "मी वाटच बघत होते तुझ्या फोनची. आईसमोर मला बोलता येत नाही गं, पैसे त्या देतात."

त्या वाक्याने मला या बायकांची बाजूही थोडी कळली. नंतर एकदा बोलता बोलता त्यांनी सांगितलं, लोक तारीख पक्की करतात, त्या दिवसासाठी आलेली दुसरी कामं त्या सोडून देतात, आणि आठ दिवस आधी कळवतात, नणंदेच्या ओळखीची स्वस्तात मिळाली. म्हणून अॅडव्हान्स परत मिळत नाही. एका नवरीचं ठरतं आणि तिथे गेल्यावर करवल्या रांगेत उभ्या राहतात, "ताई, नुसतं थोडं टचअप." पहाटे पाचला निघालेल्या बाईला दुपारचे दोन वाजले तरी कुणी पाणी विचारत नाही. आणि शेवटी उरलेल्या पैशांसाठी नवरीच्या मामाला हॉलभर शोधत फिरावं लागतं. मजुराचा घाम सुकण्याआधी त्याची मजुरी देण्याची हदीस मी वर्गात शिकवते. आपल्या हॉलच्या मागच्या खोलीत ती कुणाला आठवत नाही.

आम्ही सगळं व्हॉट्सअॅपवर लिहून घेतलं. तारीख, वेळ, एकूण रक्कम, अॅडव्हान्स पोहोचल्याची नोंद, लग्न पुढे गेलं तर काय, त्या आजारी पडल्या तर काय, फोटो नाहीत. कागदपत्र म्हणून नव्हे, गैरसमज नको म्हणून. उरलेल्या पैशांचं पाकीट मी आदल्या रात्रीच माझ्या पर्समध्ये ठेवलं.

लग्नाच्या दिवशी ताई पंचवीस मिनिटं उशिरा आल्या. अंकलीच्या पुलावर वाहनं अडकली होती. आपाचा जीव वर-खाली. भाची वुजू करून खुर्चीत बसून होती आणि खालाच्या घड्याळापेक्षा शांत होती. ताईंनी आल्या आल्या माफी मागितली, स्वतःचा मोबाइल बंद करून माझ्या हातात दिला. मी मागितला नव्हता. बारा पन्नासला काम संपलं, ठरल्यापेक्षा वीस मिनिटं उशिरा. भाचीने तिथेच जानमाज टाकून जोहर पढली. दरम्यान मी ताईंना पाकीट दिलं आणि बिर्याणीची प्लेट आणून दिली. दोन करवल्या दारात घुटमळत होत्या, त्यांना मी शाळेच्या आवाजात परत पाठवलं.

मुलाची फुफी आली, दुल्हनला बघितलं, हनुवटीला हात लावला. काय म्हणाली ते पंख्याच्या आवाजात ऐकू आलं नाही. आपाने ऐकलं असावं. मी विचारलं नाही.

त्या दिवसाचे सात फोटो आहेत. माझ्याच मोबाइलवर काढलेले, भाचीने निवडलेले. ते तिच्याकडे आणि आपाकडे आहेत. माझ्याकडचे तिने रुखसतीआधी स्वतःच काढून टाकले. मी म्हटलं, "अगं, मी तुझी खाला!" म्हणाली, "म्हणूनच विचारलं नाही." खोबरेल तेलाची बाटली मात्र मी बॅगेत टाकायला विसरले. ती अजून माझ्या पर्समध्ये आहे. वलिम्याला गेले तेव्हा भाचीने सांगितलं, तेल सासूने दिलं.